मोह पडायच्या दिवसांत

गुरुवार

मार्च संपत आला की पूर्व विदर्भातल्या वर्तमानपत्रांच्या आतल्या पानावर एक छोटी बातमी येतेच : मोहफुलं वेचायला गेलेल्या महिलेवर अस्वलाचा हल्ला. कधी महिला असते, कधी म्हातारा माणूस. गाव बदलतं, तालुका बदलतो, वेळ मात्र बहुतेकदा पहाटेचीच. वाघाने माणूस मारला की ती बातमी पहिल्या पानावर जाते, रास्ता रोको होतो, पुढारी भेटी देतात. अस्वलाने चेहरा फाडलेला माणूस दोन ओळींत संपतो. नागपुरात बसून या दोन ओळी वाचताना दरवेळी वाटायचं की मोहाच्या झाडाखाली नेमकं घडतं तरी काय? यंदा हंगामातच नागझिरा अभयारण्याला लागून असलेल्या एका गावात जाऊन राहायचं ठरवलं. बरोबर माझी मैत्रीण होती. ती वनस्पतिशास्त्र शिकवते आणि जंगलात माझ्यापेक्षा पुष्कळ जास्त फिरलेली आहे.

भंडाऱ्याजवळ वैनगंगा ओलांडली की रस्त्याच्या दोन्ही अंगांना धानाच्या बांध्या आणि तलाव सुरू होतात. सरकारी कागदांत हे माजी मालगुजारी, म्हणजे जुन्या जमीनदारांच्या काळातले, तलाव, लोकांच्या तोंडी मामा तलाव. लाखनी सोडून साकोलीकडे निघालं की मोहघाट्याचं जंगल लागतं आणि राष्ट्रीय महामार्ग ते मधोमध कापत जातो. उत्तरेला नागझिरा, दक्षिणेला नवेगाव, मधून रात्रंदिवस ट्रक. 2013 साली ही जंगलं मिळून नवेगाव-नागझिरा व्याघ्र प्रकल्प झाला. नकाशावर एकच नाव आलं, जनावरांच्या वाटेत मात्र हा रस्ता आडवाच राहिला.

गावाचं नाव लिहीत नाही. पुढे जे सांगणार आहे त्यात पिल्लं घेऊन फिरणारी एक अस्वलीण आहे, आणि तिला बघायला गाड्या घेऊन कुणी तिथे जावं असं मला अजिबात वाटत नाही.

ज्यांच्या घरी उतरलो ते भाऊ जंगलात पर्यटकांना वाटाड्या म्हणून नेतात. घरात त्यांची आई, बायको आणि शाळेत जाणारी दोन मुलं. अंगणभर मोहफुलं वाळत घातली होती. वाळत आलेल्या मोहाचा वास फार दाट असतो, गोड आणि किंचित आंबूस. नाकाला सवय होईपर्यंत डोकं जड होतं, सवय झाली की तो येईनासाच होतो. मी त्या दिवशीचं एक ताजं फूल उचलून पाहिलं. फिकट पिवळं, मांसल, आत पोकळ. बोटांत दाबलं की चिकट गोड रस निघतो. मैत्रिणीने ते उभं चिरून दाखवलं. खाली पडतो तो नुसता जुडलेल्या पाकळ्यांचा पेला आणि त्याला आतून चिकटलेले पुंकेसर. ज्याचं फळ व्हायचं तो भाग वर फांदीवरच राहतो. म्हणजे जमिनीवरची सगळी फुलं कुणीही वेचली किंवा खाल्ली तरी झाडाचं बी बुडत नाही. माणूस, चितळ, वानर, अस्वल, गाईगुरं, सगळ्यांनी एकाच ताटातून खावं आणि झाडाचं काही जाऊ नये अशी ही व्यवस्था आहे. भांडण होतं ते खाणाऱ्यांमध्ये.

रात्री जेवताना आजींनी, म्हणजे भाऊंच्या आईने, अस्वलाबद्दल पहिल्यांदा सांगितलं. त्यांना माझा प्रश्नच मुळात पटला नव्हता.

"तो काई आपल्याले खायाले येत नाई, बाई. त्याले वाटते आपलंच झाड आहे, आपल्याले वाटते आपलंच आहे. अंधारात कोनालेच काई दिसत नाई, मंग होते."

शुक्रवार

पहाटे पिटेझरी फाटकातून आत गेलो. नागझिऱ्याचं जंगल या दिवसांत विरळ झालेलं असतं. ऐन, धावडा, बिजा यांची पानं गळालेली, पळसाचा बहर उतरणीला लागलेला, आणि मधेच एखाद्या कुसुमाला फुटलेली लालभडक पालवी. उजाडताना तलावाच्या काठाशी गव्यांचा कळप पाण्यावरून परतत होता. चितळांनी दोनदा अलार्म कॉल दिला आणि गाडीतले सगळे वाघ शोधू लागले. वाघ दिसला नाही. 2023 च्या मे महिन्यात ब्रह्मपुरीकडच्या दोन वाघिणी आणून इथे सोडल्या, तेव्हापासून येणारा प्रत्येक जण आधी वाघाबद्दलच विचारतो, असं भाऊ म्हणाले.

अस्वल दिसलं ते उन्हं वर आल्यावर, एका वळणापाशी. रस्त्यापासून थोडं आत एक वारूळ होतं आणि त्याला भिडलेला काळा, केसाळ ढीग हलत होता. आधी मागचा भागच दिसला. डोकं वारुळाच्या भोकात होतं. आवाज आला तेव्हा मी दचकले. पाणी उतरलेला हापसा जोरजोरात मारावा तसा तो आवाज. आधी फुंकर, मग घसाघसा ओढ. अस्वल वाळवी खातं ती अशी. त्याला वरचे मधले दोन पटाशीचे दात नसतात, तिथे फट असते. लांब, सैल ओठ पुढे काढून ते आधी माती फुंकून उडवतं आणि मग त्या फटीतून वाळवी आत ओढतं. या कामात ते इतकं गढून जातं की आजूबाजूचं भान राहत नाही. नाक फार तिखट, पण नजर बेताची, आणि स्वतःच्याच या आवाजात कानांवर पडणार तरी काय?

तिने डोकं बाहेर काढलं तेव्हा कळलं की पाठीवर पिल्लं आहेत. दोन. खांद्यांजवळच्या लांब केसांत रुतून बसलेली, इतकी काळी की हलली नसती तर दिसलीच नसती. अस्वलाची पिल्लं थंडीत गुहेत जन्मतात आणि दोन-तीन महिन्यांनी आईच्या पाठीवर बसून बाहेर पडतात. पुढे बरेच महिने पाठ हेच त्यांचं घर. झाडावर चढून जीव वाचवण्यापेक्षा आईच्या पाठीवर बसणं हीच त्यांची सुरक्षितता, आणि म्हणूनच संकट आलं की आई पळत नाही, समोर उभी ठाकते. वाघ-बिबट्यांच्या जंगलात पिढ्यान्‌पिढ्या राहिलेलं हे जनावर. आधी वार करायचा, मग बाकीचं, हे त्याच्या रक्तात मुरलेलं आहे. लोक त्याला चिडखोर म्हणतात. मला ते पटत नाही. पाठीवर पोरं घेऊन जो प्राणी पळू शकत नाही, त्याने दुसरं काय करावं?

भाऊंनी गाडी थांबवली ती बऱ्याच अंतरावर आणि इंजिन बंद केलं. एवढ्यात मागून दुसरी गाडी आली आणि आमच्या बाजूने पुढे सरकली. गाडीतल्या कुणीतरी शीळ घातली, अस्वलिणीने आपल्याकडे बघावं म्हणून. तिने बघितलं. नाक वर करून हवेचा वास घेतला, मग पुढचे पाय जमिनीवर आपटून एक दबका हुंकार दिला. पिल्लं केसांत आणखी खोल शिरली. शीळ घालणाऱ्याच्या हातात फोन होता आणि तो हसत होता. मला इतका संताप आला की बोलताना आवाज कापला. भाऊंनी मला हाताने थांबवलं, त्यांच्या वाटाड्याशी दोन शब्द बोलले आणि दोन्ही गाड्या मागे घ्यायला लावल्या. ती पुन्हा वारुळाकडे वळली नाही. अर्धं खाणं तिथेच टाकून बांबूच्या रांजीत शिरली.

परतताना भाऊ म्हणाले, "गाडीतून तिले बघनारे रोज येतात. उद्या सकाळी आमच्या घरच्या बाया पायी जानार हाये."

शनिवार

मोहाची फुलं मध्यरात्रीनंतर गळायला लागतात आणि उन्हं तापेपर्यंत पडत राहतात. जो आधी पोहोचेल त्याला स्वच्छ, टवटवीत फुलं मिळतात. उशीर झाला की गुरं, चितळ, वानर आधी हात मारून गेलेले असतात, आणि ऊन लागलेली फुलं मऊ पडून मातीला चिकटतात. वन विभाग सांगतो की उजाडल्याशिवाय जाऊ नका, एकट्याने जाऊ नका, बोलत जा. गावात प्रत्येकाला हे पाठ आहे. पण ज्या घराला धानाच्या एका पिकावर वर्ष काढायचं असतं, त्या घरासाठी मोहाचे तीन-चार आठवडे म्हणजे हातात पडणारी रोकड. इथे 'अंतर राखा' हा सल्ला ऐकायला बरा वाटतो. झाड जिथे आहे तिथेच आहे आणि फूल पहाटेच पडतं. अंतर राखायचं तरी कशापासून?

आजी, त्यांची सून, शेजारच्या दोघी आणि आम्ही दोघी, असे अंधारातच निघालो. झाडं व्याघ्र प्रकल्पाच्या हद्दीबाहेर, बांध्या संपून जंगल सुरू होतं त्या कडेला आहेत. कुठलं झाड कुठल्या घराचं हे पिढीजात ठरलेलं. त्याची नोंद कुठल्या कागदावर नाही, पण कुणी दुसऱ्याच्या झाडाखाली टोपली ठेवत नाही. आजी पुढे, हातात काठी, काठीला बांधलेले घुंगरू. त्या सारख्या बोलत होत्या. सुनेशी, आमच्याशी, आणि कुणी उत्तर दिलं नाही तर झाडांशी. मला आधी वाटलं हा त्यांचा स्वभाव. मग लक्षात आलं की हे बोलणं रस्त्यावरच्या हॉर्नसारखं पुढे पाठवलेलं आहे.

पहिल्या झाडाखाली पोहोचलो तेव्हा पूर्वेला जेमतेम फटफटत होतं. टॉर्चच्या उजेडात जमीन फिकट पिवळी दिसत होती आणि टप टप फुलं पडतच होती. एक माझ्या मानेवर पडलं. थंड आणि ओलं. झाडाखालचा पालापाचोळा आदल्या दिवशी खराट्याने झाडून ठेवला होता. पलीकडे दूर एका झाडाखाली कुणी पाला पेटवलेला दिसत होता. पूर्वी सगळेच पेटवायचे, राखेवर फूल ठळक दिसतं आणि आगीला अस्वल भितं म्हणून. पण ही आग बांधाच्या आत राहत नाही. उन्हाळ्यातले कितीतरी वणवे असेच झाडाखालून सुरू होतात, आणि त्यात मोहाचीच कोवळी रोपं जळतात. मोठे मोह सगळीकडे आहेत, लहान मोह कुठे दिसतात का, असं मैत्रिणीने मला बघायला सांगितलं. मी सबंध सकाळ बघत होते. एकही दिसला नाही.

वेचायला बसल्यावर मला त्या बातमीतल्या दोन ओळींचा अर्थ पहिल्यांदा कळला. मोह वेचताना माणूस वाकलेला किंवा उकिडवा बसलेला असतो. डोकं खाली, नजर जमिनीवर, दोन्ही हात फुलांत. बोटं भराभर चालतात आणि माणूस त्यातच बुडतो. बोलणं आपोआप थांबतं. आणि अस्वलही मोहाखाली असंच येतं. डोकं खाली, नाक फुलांत, स्वतःच्या आवाजात बुडालेलं. चार पायांवरचं अस्वल आणि उकिडवा बसलेला माणूस अंधारात सारख्याच उंचीचे. कुणी कुणावर चालून जात नाही. दोघं एकमेकांच्या अंगावर येऊन थडकतात, आणि वर पाहिलं की समोर एकमेकांचं तोंडच असतं. अस्वलाचे वार बहुतेक चेहऱ्यावर आणि डोक्यावर का होतात, याचं उत्तर मला त्या झाडाखाली उकिडवं बसल्यावर मिळालं.

आजींनी बहुधा म्हणूनच नियम केला होता : दोघी वेचणार, एक उभी राहणार. उभी राहणारी काठीवर हात ठेवून चारी बाजूंना बघत राहते आणि बोलते. थोड्या वेळाने पाळी बदलते.

टोपल्या अर्ध्या भरल्या तेव्हा आम्ही नाल्याकडच्या झाडांकडे निघालो. तोपर्यंत समोरचं माणूस ओळखू येईल इतका उजेड झाला होता. आजी बोलत होत्या, घुंगरू वाजत होते, म्हणजे जे करायचं ते सगळं केलं जात होतं. तरीही झालं. वारा नाल्याकडून आमच्याकडे होता. आमचा वास तिच्यापर्यंत जात नव्हता.

आधी आवाज आला. कालचाच, आधी फुंकर आणि मग ओढ. माझे पाय माझ्याआधी थांबले. आजींनी काठी आडवी धरली. मोहाचं खोड चांगलंच जाड होतं, त्याच्या पलीकडून एक काळी पाठ वर-खाली होत होती. मध्ये अंतर किती असेल? दोन बैलगाड्या मागेपुढे उभ्या राहतील इतकं. पाठीवर कुणी नव्हतं. पिल्लं खाली उतरून खोडाच्या आमच्या बाजूला फुलं हुंगत होती. म्हणजे आई पलीकडे, पिल्लं मध्ये, आणि आम्ही. याहून वाईट मांडणी होऊ शकत नाही.

एका पिल्लाने आम्हाला पाहिलं आणि बारीक, रडक्या आवाजात ओरडलं.

अस्वलीण खोडाच्या बाजूने बाहेर आली आणि मागच्या पायांवर उभी राहिली. छातीवरचा पांढरट पट्टा, खाली लोंबणारे पुढचे पाय आणि त्यांची नखं. नखं बोटभर लांब होती, मातीने भरलेली. ती उभी राहिली म्हणजे हल्ल्याला आली असं नव्हे, वास नीट घ्यायला आणि बघायला अस्वल उभं राहतं, हे मी वाचलं होतं. त्या क्षणी त्या माहितीचा काडीचा उपयोग झाला नाही. माझ्या तोंडाला कोरड पडली होती आणि कानांत रक्ताचा आवाज येत होता.

आजी ओरडल्या नाहीत. इतका वेळ ज्या आवाजात बोलत होत्या त्याच आवाजात त्या म्हणाल्या,

"आमी आहो गं बाई. तुझे लेकरं तुले. आमी चाललो माघारी."

असं म्हणत त्या एकेक पाऊल मागे घेऊ लागल्या, तोंड तिच्याकडेच ठेवून. आम्हीही तसंच. कुणी वळलं नाही. तेवढ्यात सुनेचा पाय ढेकळावर पडला आणि टोपली हातातून निसटली. त्याच क्षणी अस्वलीण चारी पायांवर आली आणि आमच्या दिशेने सुटली. फुत्कारत येणाऱ्या त्या आवाजाला काय म्हणावं मला कळत नाही, तो छातीत ऐकू येतो. आजींनी काठी जमिनीवर आपटली, एकदाच. घुंगरू खणकन वाजले. अस्वलीण पिल्लांपाशी येऊन थांबली. पुढचे दोन्ही पाय आपटले, माती उडाली. एक पिल्लू लगेच पाठीवर चढलं. दुसरं घसरलं, पुन्हा चढलं. ती ते होईपर्यंत आमच्याकडे बघत उभी होती. मग वळली आणि नाल्यात उतरली. पाला वाजत राहिला, बराच वेळ.

हे सगळं मिनिटभरातलं असेल. शेजारच्या दोघींपैकी एक तिथेच खाली बसली आणि रडायला लागली. तिची सख्खी मावशी अशीच गेली होती, हे नंतर कळलं. आजींनी तिला पाणी पाजलं, पाठीवरून हात फिरवला, आणि सांडलेली फुलं टोपलीत भरायला लागल्या. मी म्हटलं, आजी, आता घरी जाऊ या. त्या म्हणाल्या, वरच्या झाडाचा मोह अजून पडूनच आहे. त्यांचे हात मात्र थरथरत होते, मी पाहिलं.

उजेड चांगला झाल्यावर, ती गेली त्याच्या विरुद्ध बाजूने, भाऊंना बोलावून आणि त्यांच्यासोबत, आम्ही त्या झाडाच्या जवळपास गेलो. खोडाजवळ विष्ठा पडली होती. त्यात अर्धवट पचलेली मोहफुलं जशीच्या तशी ओळखू येत होती, आणि वाळवीची चमकणारी डोकी. शेजारी मऊ मातीत मागच्या पावलाचा ठसा. टाच, तळवा, बोटं, अनवाणी माणूस चालून गेला असावा इतका सारखा. फक्त बोटांच्या पुढे नखांची टोचणं. भाऊ म्हणाले, ही बहुतेक दोन दिवसांपासून नाल्याच्या दरडीतच राहते आहे.

रविवार

गावात एक बाबाजी आहेत. सत्तरीच्या पुढचे. भाऊ त्यांच्याकडे घेऊन गेले. डाव्या डोळ्याच्या जागी नुसती ओढलेली कातडी, नाकाचा एक भाग नाही, आणि कपाळापासून गालापर्यंत टाक्यांच्या रेघा. फोटो काढू नका, एवढंच ते आधी म्हणाले. आम्हीही काढणार नव्हतो.

ते मोहाला गेले नव्हते. बैल शोधायला सकाळी जंगलाच्या कडेने गेले आणि वळणावर अस्वल समोर. "माह्या आंगावर आला तवा तोही भेलाच होता जी," असं ते म्हणाले, आणि हे वाक्य त्यांनी दोनदा सांगितलं, आम्ही ऐकलं की नाही याची खात्री करायला. पालथं पडून मानेवर हात घेतले म्हणून वाचलो, असं त्यांचं म्हणणं. अस्वल दिसलं तर पळू नये, ते माणसापेक्षा वेगाने धावतं. अंगावर आलंच तर पोटावर पडून, हातांनी मान आणि डोकं झाकून निपचित राहावं, हे आता वन विभागही शिकवतो. बाबाजींना ते कुणी शिकवलं नव्हतं.

दवाखाना, तालुक्याचा, मग जिल्ह्याचा, मग नागपूरचा. शिलाई झाली, पण चघळायला येत नाही, पाणी पिताना कडेने सांडतं, आणि लग्नाकार्यात ते मागे बसतात. तेव्हा मिळालेली मदत उपचारांतच गेली. आता वन्यप्राण्याच्या हल्ल्यात माणूस दगावला तर राज्य सरकार वारसांना 25 लाख रुपये देतं. रक्कम वाढली हे चांगलंच झालं. पण जो जगतो त्याच्या पुढच्या आयुष्याचा हिशोब कोण करतं, हा प्रश्न मी तिथून उठताना घेऊन उठले. चेहऱ्यावर पुन्हा पुन्हा कराव्या लागणाऱ्या शस्त्रक्रिया, गेलेली मजुरी, लोकांच्या नजरा, यांचा पंचनामा होत नाही. मला वाटतं, अस्वलाच्या जखमींना पहिल्या दिवसाच्या मदतीइतकीच पाचव्या वर्षीच्या मदतीची गरज असते, आणि त्यासाठी कुणीतरी भांडलं पाहिजे.

अस्वलाचा राग येतो का, असं मैत्रिणीने विचारलं. बाबाजींनी मान हलवली. त्यांना राग होता तो नाल्याकडचं जंगल गुरांनी आणि कुऱ्हाडीने उघडं पडलं याचा. "पयले त्याले आत खायाले होतं. बोरं होते, जांभूळ होतं, टेंभरं होते. आता आत काई ठेवलं का आपन?"

संध्याकाळी भाऊंच्या अंगणात माणसं जमली. कालची गोष्ट गावभर झाली होती. बीटगार्ड, म्हणजे या भागाचे वनरक्षक, मोटारसायकलवरून आले होते. कमी वयाचा मुलगा, खाली मान घालून सगळं ऐकून घेणारा. तरण्या पोरांचं म्हणणं, फटाके लावून तिला हाकलून द्यावं. बीटगार्ड म्हणाले, पिल्लं लहान आहेत, हाकलली तर ती गावाच्या दिशेलाच येईल किंवा पिल्लू मागे सुटेल, आणि पिल्लू सुटलेली आई म्हणजे काय ते सांगायला नको. शिवाय अस्वल वन्यजीव संरक्षण कायद्याच्या पहिल्या अनुसूचीत, म्हणजे सगळ्यांत जास्त संरक्षण असलेल्या प्राण्यांच्या यादीत आहे, त्याला डिवचणं हा गुन्हा. कायद्याचं नाव निघताच दोघं-तिघं चिडले. आमच्या बायका मेल्या तर कोणत्या अनुसूचीत, असं एकाने विचारलं. त्यावर तो मुलगा काही बोलला नाही, आणि बोलला नाही हे मला योग्य वाटलं.

मग आजी बोलल्या. नाल्याकडची तीन झाडं मोहाचा हंगाम संपेपर्यंत सोडून द्यायची. तिकडे कुणी जायचं नाही, गुरंही न्यायची नाहीत. एवढं सोपं असतं तर बैठक बसलीच नसती. त्या तीन झाडांपैकी दोन एका विधवा बाईंची होती आणि त्यांना दुसरं झाडच नव्हतं. त्या कोपऱ्यात बसल्या होत्या. "मंग मी काय करू?" एवढंच त्या म्हणाल्या. वाद लांबला. कुणी म्हणालं ग्रामपंचायतीने द्यावं, कुणी म्हणालं वन विभागाने. बीटगार्ड म्हणाले, झाडाखाली अंथरायची हिरवी जाळी गावच्या वन समितीकडून मिळते का बघतो. जाळी असली की पाला झाडावा लागत नाही, पेटवावा लागत नाही, उजाडल्यावर जाऊन जाळी उचलली की झालं. पण ती येणार कधी आणि मोह तर आज पडतोय.

शेवटी ठरलं ते असं : बांधाकडची ज्यांची चारहून जास्त झाडं आहेत अशा घरांनी आपलं एकेक झाड या हंगामापुरतं त्या बाईंना द्यायचं. तीन घरं तयार झाली. चौथं झालं नाही आणि त्यावरून जे बोलणं झालं ते इथे लिहीत नाही. आणि सगळ्यांनी मिळून उजाडल्यावरच निघायचं, आधी कुणी नाही. कारण एकजण आधी गेला की दुसऱ्याला घरी थांबवत नाही.

सोमवार

आमची गाडी सकाळी उशिराची होती, म्हणून आम्हीही बांधावर गेलो. या वेळी सूर्य वर आल्यावर. पंधरा-वीस बाया, काही माणसं, पोरं, एवढी गर्दी की अस्वल काय, चितळही जवळ आलं नसतं. तरी चितळांचं येऊन झालंच होतं. दोन झाडांखालचा अर्धाअधिक मोह खुरांनी तुडवून खाल्लेला. आजींची टोपली शनिवारच्या मानाने बरीच हलकी भरली. त्या उघड नाराज होत्या. "असं तर दोन पायल्या कमी येतीन," म्हणाल्या. ज्या बाईंना झाडं मिळाली होती त्या सगळ्यांत शेवटी आल्या. परक्या झाडाखाली टोपली ठेवताना त्यांनी झाडाच्या मालकिणीकडे एकदा पाहिलं. तिने हातानेच, ठेव म्हणून सांगितलं.

मैत्रिणीने भाऊंकडून दोन मोठ्या बांधांची मापं घेतली, किती झाडांना किती जाळी लागेल याचा हिशोब वहीत मांडला आणि बीटगार्डचा नंबर घेतला. नागपुरात धान वाळवायच्या जाळ्या विकणारे तिच्या माहितीचे आहेत. उरलेल्या हंगामात निदान पाच-सहा झाडांना पुरतील एवढ्या जाळ्या आठवडाभरात पाठवायच्या असं आमचं ठरलं. आजींनी ते ऐकलं आणि विचारलं, "त्या जाळीतून चितळ नाई खानार का?"

मैत्रीण म्हणाली, खाणार. जाळीवर पडलेलं फूल चितळालाही दिसतंच.

"मंग कोनाले तरी बसावंच लागन राखन," आजी म्हणाल्या, आणि कुणी कधी बसायचं यावर त्यांचं आणि सुनेचं लगेच बोलणं सुरू झालं.